वेशीच्या आत

"पोलीस नकोत. टीव्हीवाले नकोत. घोषणा नकोत. मग आपल्याला हवं तरी काय, आक्का?"

समाधाननं हे विचारलं तेव्हा तिरडी जमिनीवर टेकवलेली होती.

सगुणाआक्का तिरडीच्या उशाशी मांडी घालून बसल्या होत्या. त्यांनी समोर बघितलं.

"रस्ता," त्या म्हणाल्या.

रस्ता समोरच होता. धामणखेड्याच्या वेशीतून निघून, मारुतीच्या देवळावरून, नदीकाठच्या स्मशानात जाणारा. सरळ, सिमेंटचा, सरकारी पैशानं केलेला. त्यावर ट्रॅक्टरची ट्रॉली आडवी लावली होती. ट्रॉलीच्या पलीकडे खुर्ची टाकून सरपंच हणमंतराव बसले होते, आणि त्यांच्या मागे गावातले बाप्ये.

तिरडीवर केरबा मास्तर होते.

मास्तर पहाटे गेले. उभ्या आयुष्यात त्यांनी कुणावर हात उगारला नाही, आणि तालुक्यात असं गाव उरलं नाही जिथे त्यांनी मार खाल्ला नाही. विहिरीचं पाणी, हॉटेलातला कप, न्हाव्याची खुर्ची, शाळेतली सतरंजी... वेशीबाहेरच्या वस्तीला जे जे नाकारलं होतं ते ते त्यांनी मागितलं. आणि आधी कळवून मागितलं. कधी येणार, कुठून येणार, किती जण असतील, सगळं समोरच्याला अगोदर सांगून. लोक म्हणायचे, वेडा आहे. वेडा सांगितलेल्या दिवशी, सांगितलेल्या वेळी दारात हजर असायचा.

एकच गोष्ट राहिली होती, आणि ती त्यांच्याच गावात होती.

धामणखेड्यात वस्तीचा जिवंत माणूस वेशीतून जाऊ शकत होता. मेलेला नाही. वस्तीची मयत गावाला वळसा घालून, ओढ्यातून, बाभळींच्या काट्यांतून जायची. कुणी लिहून ठेवलेलं नव्हतं. लिहायची गरजच नव्हती.

मागच्या महिन्यात मास्तरांनी अंथरूण धरलं, तेव्हा त्यांनी हणमंतरावांना निरोप धाडला. "मी वेशीतून जाणार आहे. या खेपेला दिवस नक्की सांगता येत नाही, तेवढी माफी असावी."

समाधान वस्तीतलाच. पुण्यात वकिली शिकत होता. सुट्टी लागली की मास्तरांच्या पायाशी. मास्तरांचा थंड होत चाललेला हात हातात घेऊन त्यानं शब्द दिला होता, "मी नेईन तुम्हाला, वेशीतूनच." मास्तरांच्या मागे त्यांचं सत्याग्रहींचं पथक तोच चालवणार, असं सगळे धरून चालले होते. तोही.

दिवस थंडीचे होते. ऊन लवकर उतरत होतं. सूर्य मावळल्यावर अग्नी द्यायचा नाही, ही रीत गावाचीही आणि वस्तीचीही. हणमंतरावांना ते पक्कं ठाऊक होतं. त्यांना भांडायचं नव्हतं, मारायचं नव्हतं. फक्त सूर्य मावळेपर्यंत खुर्चीत बसून राहायचं होतं.

"हा कायद्यानं गुन्हा आहे," समाधान दात आवळून म्हणाला. "एक फोन लावतो. तासाभरात गाडी येईल. हा माणूस आत जाईल."

"जाईल."

"मग?"

"उद्या तक्रार दे. मी साक्षीला येते. आज मयत हाय."

"उद्या तक्रार देऊन आज रस्ता कसा मिळेल?"

"पोलीस आले तर रस्ता पोलिसांचा होईल, पोरा. गाडी गेली की परत ट्रॉली. मग दर मयतीला गाडी बोलवशील?"

"बोलवीन!"

"बोलव की. माझ्या मयतीला बोलव. मला काय कळणार हाय?"

मागे बसलेल्या बायकांनी तोंडाला पदर लावले. मयतीत हसू नये. पण आक्का बोलल्या की असं व्हायचं. आक्का आणि मास्तर एकाच वर्षी पहिल्यांदा तुरुंगात गेले होते. बायकांची तुकडी आक्कांनी उभी केली होती. शाळा त्यांनी बघितली नव्हती, आणि पुण्यामुंबईची शिकलेली पोरं त्यांच्याकडे शिकायला यायची. बहुतेक चिडून परत जायची.

हणमंतराव खुर्चीतूनच ओरडले, "काय गं सगुणे, समजाव की त्या पोराला! ओढ्याची वाट मोकळी आहे. ऊन आहे तोवर उरकून घ्या."

समाधान उठून उभा राहिला. "सरपंच, तुमची मयत कुठून जाते?"

"आमची गोष्ट वेगळी."

"काय वेगळी?"

"आमची मयत आमची असते."

ट्रॉलीमागचे लोक हसले. कुणीतरी म्हणालं, "नाव समाधान, अन् तोंड बघा!"

समाधान खाली बसला. त्याची मूठ वळली होती. आक्कांनी ती बघितली. 

"मास्तरांनी सगळा तालुका मोकळा केला," तो थोड्या वेळानं पुटपुटला. "आपलंच गाव शेवटी का ठेवलं?"

"मी पण विचारलं होतं."

"काय म्हणाले?"

"म्हणाले, दुसऱ्याच्या गावात मार खाणं सोपं. आपल्या गावात मारणाऱ्याचं नाव माहीत असतं. त्याच्या आईचं पण."

...

तेवढ्यात डावीकडच्या घरातून लेकरू रडायला लागलं. पाठोपाठ बाईचा वैतागलेला आवाज आला.

"गप! मढं वेशीत हाय. चूल कशी पेटवू?"

समाधाननं कान टवकारले.

त्यानं गल्लीकडे नीट बघितलं. दुपार कलायला आली होती आणि एकाही घरातून धूर नव्हता. एकाही घरातून कुकरची शिट्टी नव्हती. फोडणीचा वास नव्हता. बाया उंबऱ्यात बसून होत्या, आणि पोरं त्यांच्या पदराला लोंबकळत होती.

मग त्याच्या ध्यानात आलं.

गावात मयत असेपर्यंत धामणखेड्यात चूल पेटत नाही. ही रीत आजोबांच्या आजोबांची. वस्तीत कुणी गेलं तर त्या रितीचा प्रश्न कधी आलाच नव्हता. वस्ती वेशीबाहेर, तिची मयत वेशीबाहेर. गाव दोन्ही वेळा पोटभर जेवायचं. पण आज सकाळच्या रेटारेटीत खांदेकरी वेशीच्या कमानीखालून पुढे आले होते. ट्रॉली होती कमानीच्या आत. तिच्यापुढे टेकवलेले मास्तरही कमानीच्या आत होते.

समाधानचे डोळे चमकले. तो आक्कांच्या कानाशी वाकला.

"आक्का, गाव उपाशी आहे."

"हं."

"तुम्हाला माहीत होतं?"

"नाक हाय मला."

"मग झालं की! आपण काहीच करायचं नाही. नुसतं बसायचं. अजून तासभर. पोरं रडतील, म्हातारी माणसं गळतील, बायका नवऱ्यांना धारेवर धरतील. हाच हणमंतराव येऊन हात जोडेल. आणि आपण बोटसुद्धा उचललेलं नाही! शंभर टक्के अहिंसा!"

आक्कांनी त्याच्याकडे बघितलं. 

"कुकरची शिट्टी ऐकू येत न्हाई, व्हय?"

"नाही येत."

"लेकराचं रडणं आलं?"

"...आलं."

"मग खूश कसा झालास?"

समाधाननं मान झटकली.  "आपण कुठे त्यांना उपाशी बसवलंय? त्यांची रीत त्यांना बसवतेय!"

"आन् तू त्या रितीच्या मागं लपून बसलायस."

"आक्का..."

"आपण उपाशी बसतो, पोरा. दुसऱ्याला बसवत न्हाई." आक्कांनी मास्तरांच्या अंगावरची फुलं नीट केली. वाऱ्यानं सरकली होती. "ऊठ. दारोदार जा. सांग, चुली पेटवा. मयत आमची हाय, तुम्हाला बंधन न्हाई."



"मी? मी सांगू? मास्तरांचं प्रेत इथे पडलंय आणि मी या लोकांना जेवा म्हणून सांगू?"

"व्हय."

"त्यांच्याकडे ट्रॉली आहे. माणसं आहेत. मावळणारा सूर्य आहे. आपल्याकडे एवढं एकच आहे, आक्का!"

"म्हणून तर."

"हे सोडलं तर आपण हरू."

"हरू."

"मी मास्तरांना शब्द दिलाय! वेशीतून नेईन म्हणून!"

"कसं नेईन, ते सांगितलं होतंस?"

...

आक्कांनी बसल्या जागी पाय बदलला. "वाळूजखेड्याची विहीर माहीत हाय ना तुला?"

"माझा निबंधच आहे त्यावर. मास्तरांच्या खांद्याचं हाड मोडलं, पण विहीर खुली झाली."

"आन् पुढं?"

"पुढे काय?"

"पुढं हाड जुळलं. ज्यानं मोडलं त्याच्या दारात मास्तर पाणी मागायला गेले."

"त्यानं दिलं?"

"न्हाई."

"मग?"

"परत गेले. दर बाजाराच्या दिवशी जायचे. दारात उभं राहायचे, पाणी मागायचे, निघून यायचे."

"शेवटी दिलं?"

"न्हाई दिलं. मेला तो, पण दिलं न्हाई. त्याच्या सुनेनं दिलं."

"म्हणजे किती वर्षांनी!"

"व्हय," आक्का म्हणाल्या. "पण पाणी गोड होतं."

समाधान ताडकन उठला. त्याला पटलं नव्हतं. तो रागानं चालत होता. रागानंच त्यानं ट्रॉलीखालून वाकून पलीकडे पाऊल टाकलं. कुणी अडवलं नाही. जिवंत माणसाला मुभा होती.

पहिलं दार.

"चूल पेटवा. मयत आमची आहे, तुम्हाला बंधन नाही."

"आम्ही कवा जेवायचं ते तू सांगणार?" आतला माणूस म्हणाला. "आता तर मुद्दाम न्हाई पेटवत." दार आपटलं.

दुसरं दार. तेच लेकरू, तीच आई.

"खरंच पेटवू?" बाईनं विचारलं. आवाज अगदी खाली होता. "दोष न्हाई ना लागायचा?"

समाधानला वाटलं, सांगावं... लागेल. सात पिढ्यांना लागेल.

"नाही लागायचा," तो म्हणाला.

तो तिसऱ्या दारापाशी पोचला तेव्हा मागे लायटर टकटकला, आणि थोड्या वेळानं कुकरची शिट्टी झाली. साऱ्या गल्लीनं ती ऐकली. ट्रॉलीमागचे बाप्ये हसत सुटले.

"शिजू द्या, शिजू द्या! आता रात्रभर बसतो म्हणावं!"

ती शिट्टी समाधानच्या छातीत घुसली. त्यानं मागे वळून आक्कांकडे बघितलं. आक्कांनी हातानं खूण केली. पुढचं दार.

तिसऱ्या दारात त्याच्याच वयाचा एक पोरगा उभा होता. दाढी कोरलेली, हातात मोबाईल.

"काय वकील, वाढायला पण येतोस का?"

समाधाननं श्वास घेतला.

"नाही. तेवढं तुमचं तुम्ही घ्या."

पोरगा हसला. मग, का कोण जाणे, त्यानं मोबाईल खिशात घातला.

असं करत करत शेवटचं दार आलं. मारुतीच्या समोरचं. हणमंतरावांचं.

ओट्यावर त्यांची आई बसली होती. बयाकाकू. मास्तरांच्याच वयाच्या. पाठीला बाक, डोळ्यांवर जाड भिंगं. त्यांची सून बशीत बिस्किटं घेऊन विनवत होती.

"अहो, सकाळी सुई घेतलीय तुम्ही. शुगर उतरेल. अर्धं तरी खा."

"गावात मढं हाय."

समाधान पायरीखाली थांबला. पाठ झालेलं वाक्य त्यानं एका दमात म्हटलं. "चूल पेटवा. मयत आमची आहे, तुम्हाला बंधन नाही."

बयाकाकूंनी भिंगं वर केली. "कुणाची म्हणालास?"

"आमची."

"केरबा? तुमचा?"

"हो."

"कवापासून?"

समाधाननं सुनेकडे बघितलं.

"तुझा जनम तरी झाला होता का रं? केरबा अन् मी एका शाळेत. मी आत, तो बाहेर पायरीवर. पंतोजी आत पाढा विचारायचे, उत्तर बाहेरून यायचं. मी त्याचं ऐकून म्हणायची. शाबासकी मला." काकूंनी नाक वर ओढलं. "आन् आता तू येऊन सांगतोस, आमचा म्हणून."

समाधानच्या आत दिवसभर कोंडलेलं काहीतरी फुटलं.

"आजी, वस्तीत आजवर किती मयती झाल्या. तेव्हा जेवत होतात ना तुम्ही?"

सुनेचा हात बशीसकट थांबला.

 समोरच्या देवळाच्या पायरीवर एक कुत्रं उठलं, अंग झाडलं आणि पुन्हा बसलं.

"जेवत होते," त्या म्हणाल्या.

...

"ते वेशीबाहेर असायचं. दिसायचं न्हाई."

मग म्हणाल्या, "दिसायचं. धूर दिसायचा."

समाधानला वाटलं होतं, हे ऐकून आपल्याला बरं वाटेल. तसं झालं नाही.

"आज आत आलाय तो," काकू म्हणाल्या. "आज न्हाई जेवत."

"आक्कांनी सांगितलंय, जेवा म्हणून."

"सगुणेला सांग, तुझ्या मयतीला जेवीन. पंगत मांडून जेवीन. केरबाच्या न्हाई." त्यांनी काठी शोधली. "धर मला. तिकडं ने."

समाधान घुटमळला. त्यानं आधार द्यायचा की नाही हे ठरवेपर्यंत काकूंनी न विचारता त्याच्या खांद्यावर हात टाकलाही होता. हात हलका होता आणि घामानं ओला होता. थंडीच्या दिवसांत घाम.

ती दोघं गल्लीतून चालली. उंबऱ्यातल्या बाया उठून उभ्या राहिल्या. सून बशी घेऊन मागे मागे.

ट्रॉलीपाशी काकू थांबल्या. ट्रॉलीच्या अलीकडे त्या, पलीकडे मास्तर. फळीच्या फटीतून फक्त फुलं दिसत होती.

"हणमंता, हे काढ."

हणमंतराव खुर्चीतून उठले. "माय? तू कशाला आलीस? घरी जा. जेव."

"जेवते. त्याला जाऊ दे, मग जेवते."

"माय, हे गावाचं काम आहे."

"मग मी कोण? पाहुणी?"

आणि बयाकाकू सिमेंटच्या रस्त्यावर बसल्या. बसल्या म्हणण्यापेक्षा पाय दुमडले आणि त्या खाली आल्या. काठी बाजूला घरंगळली.

हणमंतरावांचा चेहरा उतरला. ते ट्रॉलीवरून पलीकडे ओरडले, "सगुणे! हे तू केलंस!"

"मी जेवा म्हणून निरोप धाडला," आक्का म्हणाल्या. "तुझी आई ऐकत न्हाई, त्याला मी काय करू?"

"तिला शुगर आहे! सांग तिला, ऊठ म्हणावं!"

आक्का उठल्या. गुडघ्यांवर हात टेकत उठल्या. ट्रॉलीपाशी येऊन फटीतून वाकल्या. "काकू, खावा. मी सांगते. केरबा मास्तर असते तर त्यांनीबी हेच सांगितलं असतं."

"तू गप गं," पलीकडून आवाज आला. आवाज बारीक झाला होता. "तुझं ऐकून मी कवा काय केलंय?"

तोवर समाधान ट्रॉलीखालून सरपटत आक्कांकडे आला होता. त्यानं आक्कांचा हात धरला.

"आक्का, आता हा मोडतोय. बघा त्याच्याकडे. दहा मिनिटं. फक्त दहा मिनिटं थांबा. आपण काहीच केलेलं नाही. जेवायलाही सांगितलं. आपल्यावर काही दोष नाही!"

आक्कांनी फटीतून पुन्हा एकदा बघितलं. बयाकाकूंची मान छातीवर येत होती. सून त्यांच्या ओठांशी बिस्कीट धरत होती, आणि ओठ मिटलेले होते.

आक्का वळल्या. खांदेकऱ्यांकडे बघून म्हणाल्या, "उचला."

तिघे पुढे आले. एकानं विचारलं, "पण ट्रॉली..."

"ओढ्यानं जाऊ."

कुणीच हललं नाही.

"आक्का!" समाधान ओरडला. "आक्का, हे तुम्ही करू शकत नाही! पन्नास वर्षं! पन्नास वर्षं मास्तरांनी या रस्त्याची वाट बघितली! तो समोर उघडतोय आणि तुम्ही..."

"ती पडंल. मयत वेशीबाहेर गेली तर खाईल."

"मास्तरांना दिलेला शब्द?"

"मास्तर थांबतील. ती थांबायची न्हाई."

"ती त्यांची आहे! त्यांनी बघावं!"

"आताच तर तू तिला खांदा देऊन आणलंस," आक्का म्हणाल्या.

समाधानच्या डोळ्यांत पाणी आलं. रागाचं होतं. "मग संपलं सगळं. मास्तर एकदाच मरतात. आता या रस्त्यावरून कोण जाणार?"

"मी हाय की." आक्कांनी पदर खोचला. "माझी वेळ काय लांब न्हाई. ट्रॉली असली तर परत फिरू. माझ्यामागं ही तुकडीतली गंगू हाय. तिच्यामागं कोणतरी असंलच. रस्ता कुठं पळून जातोय? ... उचला म्हणते ना."

खांदेकरी वाकले. तिरडी वर आली. एका बाजूला जागा रिकामी होती. समाधाननं तिच्याकडे बघितलं. तो तिथे जाणार नव्हता. त्याचं मन ओरडून सांगत होतं, जाऊ नकोस, हे चूक आहे, हे हरणं आहे, पळणं आहे.

फटीतून सुनेचा रडका आवाज आला. "अहो, डोळे उघडा ना..."

समाधान गेला. बांबू खांद्यावर घेतला.

तिरडीनं तोंड फिरवलं. कमानीकडे. बाहेर. वस्तीकडे, ओढ्याकडे, बाभळींकडे. बायका मागून उठल्या. कुणी घोषणा दिली नाही, कुणी रडलं नाही. हनुवट्या वर होत्या. पाय मोजून टाकत, तरीही घाईनं, ती सगळी माणसं आलेल्या वाटेनं परत निघाली.

पहिला खांदेकरी कमानीखाली पोचला.

मागे काहीतरी खणखणलं.

हणमंतरावांनी किल्ली फेकली होती. ती झेलली त्या दाढीवाल्या पोरानं.  पोरगा उडी मारून ट्रॅक्टरवर चढला. इंजिन खोकलं, बंद पडलं, पुन्हा खोकलं आणि लागलं. ट्रॉली करकरत बाजूला सरकली. देवळाच्या कट्ट्याला घासली, थोडा चुना सांडला.

रस्ता मोकळा झाला.

तिरडी कमानीत थांबली होती. आक्कांनी मागे वळून बघितलं.

हणमंतराव रस्त्यावर बसून आईचं डोकं मांडीवर घेत होते. त्यांनी वर बघितलं नाही. "आजच्यापुरतं," ते म्हणाले. "ऐकलं का, बाई? आजच्यापुरतं."

"बरं," आक्का म्हणाल्या. "पुढच्या वेळी आधी कळवू."

शेजारच्या बाईनं आणलेली साखरेची चिमूट सुनेनं बयाकाकूंच्या ओठांशी धरली होती. काकूंनी एक डोळा उघडला.

"गेला का?"

"निघालाय, काकू."

"मग जाऊ दे आधी."

आक्कांनी हात वर केला. तिरडी परत फिरली. समाधान आता पुढच्या बांबूला होता. समोर सरळ, सिमेंटचा, उतरत्या उन्हानं पिवळा झालेला रस्ता. दोन्ही बाजूंना माणसं. कुणाची मान खाली, कुणाची तिरकी, एका म्हाताऱ्याचे हात जोडलेले, दोन पोरांचे खिशात. कुणी पुढे आलं नाही. कुणी आडवंही आलं नाही.

समाधानच्या छातीत काहीतरी भरून आलं. मास्तरांचं नाव. पन्नास वर्षं. आपला शब्द. त्यानं मोकळा हात उंच उगारला, मूठ आवळली आणि घोषणा द्यायला तोंड उघडलं.

आक्कांनी त्याचा उगारलेला हात धरला आणि हळूच खाली आणला.

"हळू, पोरा," त्या म्हणाल्या. "गावात मयत हाय."